न्यूयॉर्कच्या भुयारात जुने रिले भेटले : शहराची म्हातारी रेल्वे चालू ठेवून नवी कशी करतात?

रिलेरूम
रविवार, रात्री ९:१०

नमस्कार मंडळी. मी सोलापूर विभागात सिग्नल खात्यात चौतीस वर्षं काढली. खलाशी (हाताखालचा मदतनीस) म्हणून लागलो, मेंटेनर म्हणून निवृत्त झालो. यंदा लेकीकडे न्यूयॉर्कला तीन महिने होतो. बघायच्या म्हणून सांगतात त्या सगळ्या जागा जावयांनी दाखवल्या. पण माझा जास्त वेळ गेला भुयारी रेल्वेच्या प्लॅटफॉर्मच्या टोकाला उभं राहण्यात.

तिथे रुळाच्या कडेला, सिग्नलच्या पायाशी, एक लोखंडी हात असतो. इंग्रजी टी अक्षरासारखा, पिवळट रंगाचा, ग्रीसने माखलेला. सिग्नल हिरवा असला की तो आडवा पडलेला. गाडी निघून गेली, सिग्नल लाल झाला, की खटकन उभा राहतो. ड्रायव्हरने चुकून लाल सिग्नल ओलांडलाच, तर डब्याखालचा एक छोटा कॉक त्या हातावर आपटतो, ब्रेकच्या पाइपातली हवा सुटते आणि गाडी जागेवर उभी राहते. ना कॉम्प्युटर, ना रेडिओ. लोखंडावर लोखंड. पहिल्यांदा तो आवाज ऐकला तेव्हा अंगावर काटा आला. आपल्या जुन्या केबिनमध्ये लिव्हर ओढल्यावर दूरवर पॉइंट (गाडी एका रुळावरून दुसऱ्यावर नेणारा सांधा) बसल्याचा जसा आवाज यायचा, तसाच.

ही रेल्वे २७ ऑक्टोबर १९०४ ला सुरू झाली. आज ४७२ स्टेशनं आहेत आणि ती रात्रंदिवस चालते. बहुतेक मार्गांवर सिग्नलची पद्धत अजून जुनीच, म्हणजे ठरलेल्या तुकड्यांची. तिथल्या परिवहन संस्थेनेच काही वर्षांपूर्वी एक चित्रफीत दाखवली होती, वेस्ट फोर्थ स्ट्रीटच्या सिग्नल केबिनची. १९३० च्या दशकातली लिव्हरची यंत्रं, भिंतभर रिले (विजेने आपोआप उघडझाप होणारे स्विच) आणि कापडाचं वेष्टण असलेल्या तारा. त्या तारा बघून मला माझी पहिली पोस्टिंग आठवली.

आता मुद्दा. २०२३ पासून तिथे आर-२११ नावाचे नवे डबे येत आहेत. रुंद दारं, चांगले दिवे, काही गाड्या तर या टोकापासून त्या टोकापर्यंत आतून सलग. लोक खूश, आणि व्हायलाच हवेत. पण पुढचा तुकडा रिकामा आहे की नाही हे मागच्या गाडीला सांगणारा रिले बहुतेक ठिकाणी जुनाच आहे. त्यामुळे गाडी कितीही नवी असली तरी दोन गाड्यांमधलं अंतर तेवढंच राहतं. डब्यांसमोर फीत कापता येते, फोटो निघतो. रिलेरूमसमोर कोण फीत कापणार? चौतीस वर्षं मी हेच बघत आलो, आणि सातासमुद्रापलीकडेही तेच बघितलं, म्हणून हा धागा.

ज्यांना या विषयाची सवय नाही त्यांच्यासाठी. सिद्धेश्वराच्या यात्रेत सात नंदीध्वज निघतात. समजा नियम असा केला, की पुढची काठी चौक पूर्ण सोडून गेल्याशिवाय मागच्या काठीने त्या चौकात पाऊल टाकायचं नाही. चौक लहान असो वा मोठा, मागच्यांनी थांबायचं. ही जुनी पद्धत. न्यूयॉर्कमध्ये असा एकेक ‘चौक’ साधारण हजार फुटांचा असतो. नव्या पद्धतीत, जिला सीबीटीसी म्हणतात, प्रत्येक गाडी रेडिओवरून सतत सांगत राहते की मी अमुक ठिकाणी आहे, माझा वेग इतका. त्यावरून मागच्या गाडीला कळतं की तिने कुठपर्यंत यायचं. काठीधारकाला पुढची काठी डोळ्यांसमोर दिसतेय आणि तो तिच्यापासून ब्रेक लागण्याइतकं अंतर राखून चालतोय, तसं. त्याच रुळांवर, त्याच भुयारात जास्त गाड्या बसतात.

ज्यांनी अशा जुन्या शहरी रेल्वे जवळून बघितल्या असतील त्यांनी लिहा. मला वाचायचं आहे.


अशोकचौक
रविवार, रात्री १०:०२

काका, नंदीध्वजाने एकदम डोक्यात बसलं.

आमचा यंत्रमागाचा धंदा, टॉवेल आणि चादर. मला पडलेला प्रश्न सरळ आहे. आम्ही माग बदलले तेव्हा दोन-दोन माग बंद केले, बाकीच्यांवर माल काढत राहिलो. तरी त्या वर्षी ऑर्डरी हातच्या गेल्या. ही तर शहराची रेल्वे, तीही चोवीस तास. ती बंद कधी करतात?

दुसरं. मी चार मागांवर इलेक्ट्रॉनिक जेकार्ड (कापडात नक्षी विणवणारं यंत्र) बसवलं. आधी भोकं पाडलेल्या पुठ्ठ्याच्या कार्डांची माळ असायची. फाटली तर बायको घरी बसून खळ लावून चिकटवायची, तासाभरात माग चालू. नव्या जेकार्डचं काम सुंदर, डिझाइन पेनड्राइव्हमधून येतं. पण एक बोर्ड जळला आणि विकणाऱ्याने सांगितलं, हे मॉडेल बंद झालं. तो माग अकरा आठवडे उभा होता. जॉबर (माग दुरुस्त करणारा) रोज येऊन त्याच्याकडे बघून जायचा. रिले ऐंशी वर्षं टिकले म्हणता, तर कॉम्प्युटरवाला सिग्नल किती वर्षं टिकतो?


माधुरी_एस
सोमवार, पहाटे २:४०

मूळची सोलापूरच्या रेल्वे लाइन्स भागातली, आता चौदा वर्षं लंडनमध्ये. धागा बघून राहवलं नाही.

इथली भुयारी रेल्वे जगातली पहिली, १० जानेवारी १८६३, पॅडिंग्टन ते फॅरिंग्डन. तेव्हा भुयारात वाफेची इंजिनं चालायची! मी रोज बेकरलू लाइनने जाते. तिच्या गाड्या १९७२ च्या नमुन्याच्या आहेत. स्प्रिंगवाल्या गाद्या, दार बंद होताना सगळा डबा थरथरतो, आणि उन्हाळ्यात खोल भुयारात इतका उकाडा होतो की मला सोलापूरचा मे महिना आठवतो. आईला फोनवर सांगितलं तर तिचा विश्वास बसत नाही.

पण त्याच शहरात व्हिक्टोरिया लाइन आहे. १९६८ ला सुरू झाली तेव्हापासूनच तिच्या गाड्या आपोआप चालायच्या. ड्रायव्हर दारं लावून बटण दाबायचा. तिलाही नव्या गाड्या आणि नवे सिग्नल दोन्ही दिले, आणि २०१७ पासून गर्दीच्या वेळी तासाला ३६ गाड्या धावतात. म्हणजे शंभर सेकंदांना एक. मी तिथे कधी गाडीमागे धावत नाही, कारण पहिली गेली तरी दुसरीचा वारा भुयारातून अंगावर येतच असतो.

काकांच्या मुद्द्याला धरून: सर्कल, डिस्ट्रिक्ट, मेट्रोपॉलिटन आणि हॅमरस्मिथ अँड सिटी या चार लाइन एकमेकींत गुंतलेल्या आहेत. तिथे आधी १९२ नव्या गाड्या आणल्या. मोठ्या, वातानुकूलित, फार सुखाच्या. सिग्नल मात्र काही ठिकाणी १९२० च्या दशकातले. नव्या सिग्नलचा पहिला तुकडा २०१९ मध्ये सुरू झाला आणि तेव्हापासून तुकड्या-तुकड्याने काम पुढे सरकतंय. मधली कित्येक वर्षं आम्ही नव्या थंड डब्यात बसून बोगद्यात लाल सिग्नलपुढे उभे असायचो.

अशोकचौक यांच्या प्रश्नाला इथलं उत्तर: रात्री गाड्या थांबल्यावर मिळणारे तीन-चार तास, आणि शनिवार-रविवार. ज्युबिली लाइनचं काम चालू असताना तर कितीतरी शनिवार-रविवार ती लाइन बंद असायची.


रिलेरूम
सोमवार, सकाळी ७:२५

माधुरीताई, इतकं बारीक लिहिलंत, मनापासून आभार. शंभर सेकंद हे वाचून मी चहा बाजूला ठेवला.

अशोकचौक, न्यूयॉर्कची अडचण अशी की रात्र त्यांना मिळतच नाही. पण त्यांच्याकडे एक गोष्ट आपल्याला हेवा वाटावा अशी आहे: मॅनहॅटनमधल्या बऱ्याच मार्गांवर शेजारी-शेजारी चार रूळ. दोन जलद गाड्यांचे, दोन धिम्यांचे. एक जोडी कामाला घेतली की गाड्या दुसऱ्या जोडीवर वळवतात. जिथे दोनच रूळ आहेत तिथे बंद ठेवण्याला पर्याय नाही. ब्रुकलिन आणि क्वीन्सला जोडणारी ‘जी’ (इंग्रजी G) नावाची लाइन तशी आहे. २०२४ च्या उन्हाळ्यात तिचे भाग पाळीपाळीने बंद ठेवले आणि लोकांसाठी बस सोडल्या.

सगळ्यात आधी सीबीटीसी आलं एल लाइनवर, नंतर सात नंबरच्या लाइनवर, ते २०१८ ला पूर्ण झालं. या दोन का निवडल्या? कारण त्या एकट्या आहेत. दुसऱ्या लाइनच्या गाड्या त्यांच्या रुळांवर येत नाहीत. नव्या सिग्नलशी बोलायला गाडीतही यंत्र लागतं. एका लाइनवर चार लाइनींच्या गाड्या येत असतील तर त्या चारही लाइनींचे डबे आधी बदलावे लागतात किंवा त्यांत यंत्र बसवावं लागतं. म्हणजे डबे आणि सिग्नल हा नवरा-बायकोचा संसार आहे. एकाने पुढे जाऊन चालत नाही.

पैशाचं कुणी विचारलं नाही पण सांगतो. ५ जानेवारी २०२५ पासून मॅनहॅटनच्या ६० व्या रस्त्याच्या दक्षिणेला मोटार नेली की दिवसा ९ डॉलर पडतात. त्या उत्पन्नाच्या जोरावर १५ अब्ज डॉलर उभे करायचे आणि त्यातून सिग्नल, डबे, स्टेशनांवर लिफ्ट अशी कामं करायची, असं ठरलं आहे. जावई कुरकुरतो, पण भरतो.

आता जे सांगायचं होतं ते. नवं यंत्र बसवण्यात धोका नाही. धोका आहे तो जुनं आणि नवं एकाच खोलीत असतं त्या दिवसांत.

१२ डिसेंबर १९८८, लंडनचं क्लॅपहॅम जंक्शन. भुयारी नव्हे, वरची रेल्वे, पण गोष्ट हीच: १९३६ चे सिग्नल काढून नवे बसवणं चालू होतं. एका तंत्रज्ञाने एक जुनी तार एका टोकाने सोडवली, पण कापली नाही, टोकाला टेपही लावली नाही, नुसती बाजूला सारली. दुसरं टोक जोडलेलंच. काही दिवसांनी शेजारच्या रिलेचं काम करताना ती तार हलली आणि परत जुन्या जागी टेकली. तार टेकली म्हणून रिले उचललेलाच राहिला, पुढे गाडी उभी असताना मागचा सिग्नल लाल झालाच नाही. ३५ माणसं गेली. चौकशीत निघालं की त्या तंत्रज्ञाने आधीच्या तेरा आठवड्यांत एकच सुट्टी घेतली होती, आणि काम झाल्यावर तारा मोजायच्या असतात त्या कुणी मोजल्या नव्हत्या.

आमचे एक वरिष्ठ होते. ही गोष्ट ते प्रत्येक नव्या पोराला सांगायचे आणि मग हातात कटर द्यायचे. सोडवलेली तार दोन्ही टोकांनी सोडव. कापून आखूड कर. टेप लाव. बांधून ठेव. मग रिलेच्या प्रत्येक टर्मिनलवर (तार जोडायच्या जागी) तारांच्या नकाशाप्रमाणे किती तारा हव्यात आणि प्रत्यक्ष किती आहेत, ते बोटाने मोज. त्यांनी शिकवलेलं मी शेवटच्या दिवसापर्यंत केलं. एकदा रात्री अडीचला, एका छोट्या स्टेशनवर, नकाशात तीन आणि टर्मिनलवर चार तारा निघाल्या. चौथीवर टॅग नव्हता. कंत्राटदाराचा माणूस म्हणाला, जुनी मेलेली तार असेल, सोडा, ब्लॉक (कामासाठी गाड्या थांबवलेला वेळ) संपत आलाय. मी मीटर लावला. चोवीस व्होल्ट होते. ती जिवंत होती. ब्लॉक चाळीस मिनिटं वाढवून घेतला, त्याबद्दल मला लेखी खुलासा द्यावा लागला. दिला. आजही देईन.


पार्क_चौक_७८
सोमवार, दुपारी १:१५

वाचून सुन्न झालो. तरी एक विचारतो, राग मानू नका. आपल्या सोलापुरात भुयारी रेल्वे नाही, होण्याची शक्यताही दिसत नाही. आपण यात का पडायचं?


हावडा_पूल
सोमवार, दुपारी ३:३०

बँकेच्या बदलीमुळे सहा वर्षं कोलकात्यात आहे, घर बार्शीला. पार्क_चौक, मला वाटतं हे आपलंही आहे. देशातली पहिली भुयारी रेल्वे इथली, २४ ऑक्टोबर १९८४, एस्प्लनेड ते भवानीपूर, अवघी ३.४ किलोमीटर. तीही आता चाळिशी पार करून गेली. म्हणजे म्हाताऱ्या मेट्रोचा प्रश्न फक्त गोऱ्यांच्या देशातला राहिलेला नाही.

मी आलो तेव्हा बिनएसीच्या जुन्या गाड्या चालू होत्या. खिडक्या उघड्या, पंख्यांचा खडखडाट, भुयारात शिरलं की शेजारच्याचं बोलणं ऐकू येत नसे. २०२१ च्या २४ ऑक्टोबरला, मेट्रोच्या वाढदिवशी, त्या निवृत्त केल्या. तिथे वीज वरच्या तारेतून येत नाही. रुळाशेजारी तिसरा रूळ असतो, ७५० व्होल्टचा. तो पोलादाचा होता, आता अ‍ॅल्युमिनियमचा बसवायला घेतलाय. अ‍ॅल्युमिनियममधून वीज कमी वाया जाते, व्होल्टेज पडत नाही, गाड्या जवळजवळ सोडता येतात. हे काम प्रवाशाला दिसत नाही, कारण ते रात्री शेवटची गाडी गेल्यावर चालतं. मला कळलं ते शेजारी राहणाऱ्या दादांमुळे. ते त्या कामावर आहेत, सकाळी मी बँकेत निघतो तेव्हा ते काळ्या हातांनी जिना चढत असतात.

आणि त्याच शहरातल्या दुसऱ्या लाइनचा हुगळी नदीखालून जाणारा भाग मार्च २०२४ पासून चालू आहे, त्या लाइनवर सीबीटीसी. एस्प्लनेडला जिने उतरून एकीतून दुसरीत गेलं की चाळीस वर्षांचं अंतर पायाखाली कळतं.

राहता राहिलं बार्शीचं. आमची बार्शी लाइट, अडीच फुटी रुळांची. आजोबा कुर्डुवाडीच्या कारखान्यात होते. रूळ मोठे करायला घेतले तेव्हा त्या-त्या भागातली गाडी बंदच ठेवावी लागली. मिरज-पंढरपूर बंद होती तेव्हा वारीला माणसं एसटीने गेली. गैरसोय झाली, पण निभावलं. कोलकात्यात तसं करून बघा, शहर संध्याकाळपर्यंत ठप्प होईल. गाव थांबू शकतं, म्हणून गावाची लाइन थांबवता येते.


नाईटशिफ्ट
सोमवार, रात्री ११:५०

कामावर निघालोय, थोडक्यात लिहितो. सोलापूरचाच, शिक्षणही तिथेच. सध्या पुण्यात मेट्रोच्या सिग्नलवर रात्रपाळी करतो. आमची लाइन नवी कोरी आहे, पण धागा वाचताना वाटलं की हे सगळं आमच्याबद्दलच आहे, तीस वर्षांनंतरच्या.

अशोकचौक काका, तुमचा दुसरा प्रश्न आमच्या खात्यातला सगळ्यात अवघड प्रश्न आहे. रिलेला जीव कमी, पण आयुष्य मोठं. कॉम्प्युटरवाला सिग्नल पंचवीस-तीस वर्षांत जुना होतो, त्याचे सुटे भाग तर त्याच्या आधीच मिळेनासे होतात. म्हणून करारातच लिहून घ्यावं लागतं की किती वर्षं भाग पुरवणार, सॉफ्टवेअर कोण सांभाळणार, आमच्या माणसांना आतलं किती शिकवणार. हे लिहून घेतलं नाही तर तुमच्या मागासारखीच गत. फरक एवढाच की इथे मागापुढे लाखभर माणसं उभी असतात.

बंद न ठेवता कसं बदलतात त्याबद्दल एक. नवी यंत्रणा आधी ‘सावली’सारखी चालवतात. गाड्या जुन्या सिग्नलवरच धावतात; नवी यंत्रणा सगळं ऐकते, स्वतःचा हिशेब करते, पण हुकूम देत नाही. दोघींचा हिशेब रोज ताडून बघतात. जुळायला लागला की आधी रात्री, रिकाम्या गाड्यांवर. मग रविवारी. मग एक तुकडा. पॅरिसची एक नंबरची लाइन, १९०० सालची, अशीच २०११-१२ मध्ये बिनड्रायव्हरची केली. प्लॅटफॉर्मवरचे काचेचे दरवाजे रात्रीत बसवले, आणि साधारण वर्षभर ड्रायव्हरवाल्या आणि बिनड्रायव्हरच्या गाड्या एकाच रुळावर मागे-पुढे धावत होत्या. मला झोप येत नाही तेव्हा मी त्या कामाबद्दल वाचतो.

रिलेरूम काका, एक विनंती. तारा मोजण्याची तुमची पद्धत आम्हाला कुणी शिकवली नाही. आमच्याकडे कॉम्प्युटरचा स्क्रीन हिरवा दाखवतो आणि आम्ही पुढे जातो. पण रुळाजवळचे पॉइंट मशीन, अ‍ॅक्सल काउंटर (गाडीची चाकं मोजणारं यंत्र), त्यांच्या पेट्या, तिथे अजूनही तारच आहे. टॅग कसे लावायचे, काय लिहून ठेवायचं, ते सविस्तर सांगाल का?


अशोकचौक
मंगळवार, सकाळी ८:०५

नाईटशिफ्ट, बाळा, करारातलं ते वाक्य आमच्या पूर्व भागातल्या प्रत्येक कारखान्यात लावायला पाहिजे. पुढचं यंत्र घेताना मी ते लिहून घेणार.

आणि पार्क_चौक, माझा मुलगा वंदे भारतने मुंबईला जातो, सीएसएमटीला उतरून खाली भुयारी मेट्रोत बसतो आणि बीकेसीला कामाला पोचतो. पूर्वी लोकलला लटकून जायचा, आई इकडे देव पाण्यात घालून बसायची. आता तो ज्या सिग्नलच्या भरवशावर बसलाय तो कसा सांभाळतात, हे मला माहीत नको का?


पार्क_चौक_७८
मंगळवार, सकाळी ९:३०

पटलं. माझा प्रश्न मागे घेतो. काका, तारांचं लिहाच, मीही वाचणार आहे.


रिलेरूम
मंगळवार, रात्री ८:४०

नाईटशिफ्ट, तुझा निरोप तीनदा वाचला. लिहिण्यापेक्षा दाखवणं सोपं, पण आधी थोडं लिहितो.

टॅग दोन्ही टोकांना, नुसता इकडे नाही. टॅगवर तार कुठून आली आणि कुठे गेली ते दोन्ही लिहायचं, म्हणजे नकाशा नसला तरी तार स्वतः सांगते. बॉलपेनने लिहू नकोस, उन्हात आणि तेलात उडतं. आम्ही अक्षरं ठोकलेले बिल्ले लावायचो. काम सुरू करण्याआधी प्रत्येक टर्मिनलचा आकडा वहीत, काम संपल्यावर परत आकडा, आणि दुसरा आकडा ज्याने काम केलं त्याने घ्यायचा नाही, दुसऱ्याने घ्यायचा. दमलेल्या माणसाला आपली चूक दिसत नाही. पाळीचा दहावा तास उलटला असेल तर कटर खाली ठेवायचा, कुणी काहीही म्हणो. आणि काढलेली प्रत्येक तार पिशवीत घालून बाहेर आणायची. पिशवीतल्या तारा आणि वहीतला आकडा जुळला तरच खोली बंद करायची.

न्यूयॉर्कला एक बघितलं ते तुझ्यासाठी. तिथे गाडी स्टेशनात थांबली की मधल्या डब्यातला गार्ड खिडकीतून हात काढून समोरच्या काळ्या-पांढऱ्या पट्ट्यांच्या फळीकडे बोट करतो. प्रत्येक स्टेशनावर, प्रत्येक वेळी. गाडी नीट लागली आहे, मग दारं. आपले लोको पायलट सिग्नल मोठ्याने पुकारतात, हात दाखवतात, तसंच. तारा मोजतानाही बोट लावून, तोंडाने आकडा म्हणून मोजायचं.

माझ्या वह्या आहेत, अकरा. लेकीने रद्दीत देऊ दिल्या नाहीत. पुढच्या शनिवारी सकाळच्या हुतात्माने पुण्याला येतो, दोन वह्या सोबत आणतो. तुझ्या साहेबांची परवानगी मिळाली तर तुमची यंत्रांची खोली बाहेरून दाखव. आमच्या रिलेरूमला दोन कुलपं असायची, एक किल्ली स्टेशन मास्तरकडे, एक माझ्याकडे. एकट्याने कधीच आत जाता येत नसे. तुमच्या खोलीला किती कुलपं आहेत ते आधी कळव.